ओळखीचा रकाना

साबणाच्या त्या कारखान्यात एकाच नावाची सात माणसं होती. नुसतं नाव एक नाही, आडनावही एक. त्यात कुणाचा कट नव्हता. पहिल्या मुकादमाने आपल्याच गावची माणसं भरली, आणि त्या गावात थोरल्या नातवाला आजोबांचं नाव द्यायची पद्धत होती. दोन-तीन आजोबा सगळ्या गावाला पुरवून पुरवून वापरलेले. त्यामुळे सकाळी हजेरीला एक हाक मारली की सात तोंडांतून 'हजर' यायचं, आणि त्या सातांपैकी एखादा तरी घरी घोरत पडलेला असायचा.

हा गोंधळ मिटवला हजेरीमास्तरांनी. तेव्हा ते सव्वीस वर्षांचे होते आणि नोकरीला लागून महिनाही झाला नव्हता. त्यांनी हजेरीबुकात पट्टीने एक जास्तीचा रकाना आखला आणि वर लिहिलं, 'ओळख'. नावापुढे एक शब्द. नवा माणूस टेबलापुढे उभा राहिला की मास्तर त्याला चष्म्यावरून एकदा वरपासून खालपर्यंत बघायचे आणि शब्द टाकून मोकळे व्हायचे. उंच. डावखुरा. तीळ. बारीक. गप्प. दुसऱ्या दिवसापासून हाक त्याच शब्दाने.

मास्तरांचा एकच नियम होता. लिहिलेला शब्द खोडायचा नाही. शब्द बदलला की माणसं परत एकमेकांत मिसळतात, असं त्यांचं म्हणणं. आता काळ काही मास्तरांच्या नियमाने चालत नाही. 'बारीक' पुढे असा सुटला की त्याला फाटकाच्या छोट्या दारातून तिरकं आत यावं लागे. 'गप्प' कामगार संघटनेचा पुढारी झाला आणि बोलायला लागला की लोक डबे उघडून जेवून घेत. आणि 'नवा' हा कारखान्यातला सगळ्यात म्हातारा माणूस होता. त्याच्या निरोपाच्या दिवशी मालकांनी भाषणात 'आपले नवे सहकारी' म्हटलं, तेव्हा हसू दाबताना निम्म्या लोकांना ठसका लागला. मास्तर मात्र हलले नाहीत. कामगारांनी त्यांचं नाव पाडलं होतं 'खोडरबर', कारण टेबलावर असलेली ती एक वस्तू त्यांनी कधी वापरलेली कुणी पाहिली नव्हती.

हे शब्द फाटकाबाहेर पडले ते शाळेमुळे. वसाहतीच्या शाळेत एकाच वर्गात एकाच आडनावाची नऊ पोरं बसायला लागली, तेव्हा बाईंनी वैतागून पालकांकडून कारखान्याची चिठ्ठी मागवली. चिठ्ठीवर अर्थातच ओळखीचा शब्द होता. बाईंनी तोच आडनावाच्या जागी घातला आणि सुटकेचा निःश्वास टाकला. शाळेच्या दाखल्यावर जे आलं ते पुढे सगळीकडे गेलं. वीसेक वर्षांत वसाहतीतली जुनी आडनावं झिजून गेली आणि मास्तरांचे शब्द घराण्यांची नावं होऊन बसले. मास्तर निकालाच्या दिवशी शाळेच्या फळ्यापुढे उभे राहून यादी वाचायचे. तीळ पहिली आली. डावखुरा गणितात गेला. छाती फुगवून घरी येऊन बायकोला म्हणायचे, "अर्धी वसाहत माझ्या लेखणीतून जन्मलीय."

"हो का?" बायको म्हणायची. "मग अर्ध्या वसाहतीची दुखणीही तुम्हीच काढा."

ते दुखणं एका मंगळवारी दुपारी त्यांच्या खिडकीशी येऊन उभं राहिलं. कढईवरच्या कामगाराची मुलगी होती ती, वय बावीस, हातात प्लास्टिकची फाईल. वसाहतीत बाप 'कुलूप' म्हणून ओळखला जाई आणि मुलीच्या सगळ्या दाखल्यांवर आडनाव तेच होतं.

"मास्तरकाका, माझं आडनाव कुठून आलं?"

"बापाकडून. सगळ्यांचं तिथूनच येतं."

"आणि बाबांचं?"

मास्तरांनी पेनाचं टोपण लावलं. परत काढलं. "का गं? काय झालं?"

झालं होतं ते असं. मोठ्या दवाखान्यात औषधांच्या कोठारावर तिची निवड झाली होती. परीक्षेत दुसरी आली होती. कोठाराच्या किल्ल्या तिच्याकडे राहणार, म्हणून दवाखान्याने रिवाजाप्रमाणे घराची चौकशी करायला माणूस पाठवला. तो वसाहतीच्या तोंडाशी असलेल्या शिंप्याच्या दुकानात टेकला. शिंपी म्हणजे चालतंबोलतं वर्तमानपत्र. त्याने माप घेता घेता सांगून टाकलं, "कुलूप ना? चांगली माणसं. म्हणजे आता चांगली आहेत. बावीस वर्षांपूर्वी बापाने गोदामाचं कुलूप फोडलं होतं, त्यावरून तर नाव पडलं. सिद्ध काही झालं नाही हो. पण कारखान्याच्या बुकातच लिहिलंय म्हटल्यावर काय?"

नेमणुकीचा कागद अडकला. दहा दिवसांत लेखी खुलासा आणा, नाहीतर तिसऱ्या क्रमांकाच्या मुलाला घेऊ, असं उत्तर आलं.

"बाबांना विचारलं तर म्हणाले, मास्तरांनी लिहिलं, मास्तरांनाच माहीत. म्हणून आले. बाबांना सांगितलं नाहीये."

मास्तरांना ती सकाळ आठवत नव्हती असं नाही. तिचा बाप कामाला लागून चौथा दिवस होता. त्याच नावाचा एक माणूस आधीपासून होता, आणि याच्यासाठी शब्द न सुचल्याने ओळखीचा रकाना अजून मोकळाच होता. सकाळी सगळ्यांच्या आधी तो आला. गोदामाच्या दारावर तुटकं कुलूप लोंबकळताना दिसलं, ते त्याने रुमालात गुंडाळून आणलं आणि मास्तरांच्या टेबलावर ठेवलं. आत पाहिलं तर साबणाच्या काही पेट्या जागेवर नव्हत्या. आरडाओरडा सुरू झाला. मास्तरांच्या हातात पेन, समोर मोकळा रकाना, टेबलावर कुलूप. त्यांनी लिहिलं, 'कुलूप'. इतकं सोपं. दुसऱ्या दिवशी हजेरीला त्यांनी तो शब्द पुकारला, तेव्हा दीडशे माणसांच्या माना एकदम वळल्या. बोलायची गरजच उरली नव्हती.

"टेबलावर होतं म्हणून लिहिलं, बाळ. दुसरं काही नाही."

पोरीने फाईल खिडकीच्या कट्ट्यावर ठेवली. "टेबलावर त्या दिवशी चहाचा कप असता तर?"

"तर तू कपाची मुलगी असतीस."

ती हसली नाही. "मग एवढंच लिहून द्या, काका. चार ओळी."

"बघतो. साहेबांना विचारावं लागेल."

साहेबांना विचारण्यामागे आणखी एक कारण होतं. मास्तर येत्या महिनाअखेरीला निवृत्त होणार होते, आणि नव्या मॅनेजरसाहेबांनी स्वतःहून दोन वर्षांची मुदतवाढ सुचवली होती. जुनी बुकं संगणकावर चढवायची होती. कोणता शब्द म्हणजे कोणता माणूस, हे मास्तरांशिवाय कुणालाच सांगता येत नव्हतं. मुदतवाढ म्हणजे क्वार्टरही दोन वर्षं. नाहीतर मुलाकडे, तिसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्यांत.

साहेबांनी ऐकून घेतलं. वयाने ते मास्तरांच्या मुलाएवढे, पण समजूत काढायची पद्धत सासऱ्यासारखी.

"मास्तर, तुमच्या बुकाची किंमत कशात आहे? त्यातला शब्द खरा असतो, यात. आज तुम्ही लिहून दिलंत की हा शब्द मी उगाच टाकला, तर उद्या रांग लागेल. एकाला डावखुरा नको, एकाला बारीक नको. आणि ते पेट्यांचं प्रकरण कागदोपत्री अजून बंद झालेलं नाही. कशाला उकरताय?"

"पोरीची नोकरी आहे, साहेब."

"खासगी कागदावर लिहा. मी कोण अडवणार?" साहेबांनी टेबलावरचा एक कागद सरळ केला. "फक्त तुमच्या मुदतवाढीवर मला अजून सही करायची आहे, एवढं ध्यानात असू द्या."

मास्तर घरी आले ते तोंड पाडून. बायकोने ताट वाढलं, समोर बसली आणि सगळं काढून घेतलं. बत्तीस वर्षांच्या संसारात तिला नवऱ्याच्या पोटातलं काढायला दोन घासांपेक्षा जास्त वेळ लागत नसे.

"मग लिहा की. अडलंय कुठे?"

"तिसऱ्या मजल्यावर चढायचंय का तुला, या गुडघ्यांनी?"

"गुडघ्यांचं मी बघेन. तिथे सूनबाई शेजारणीला सांगेल, आमच्याकडे म्हातारे आलेत. तीही ओळखच झाली. पडेल सवय." तिने आमटीची वाटी पुढे सारली. "पण तुम्ही चार ओळींत काय लिहिणार? कुलूप टेबलावर होतं, एवढंच?"

मास्तर घास चावत राहिले.

"गोदामवाले याच पाटावर बसून रडले होते," ती म्हणाली. "विसरलात?"

विसरले नव्हते. त्याच आठवड्यातली गोष्ट. गोदामाचा कारकून संध्याकाळी घरी आला आणि मास्तरांचे पाय धरायला लागला. किल्ली त्याच्याच हातून हरवली होती. मालकांना कळलं तर नोकरी जाईल, म्हणून पहाटे त्याने स्वतःच हातोडीने कुलूप तोडलं. पेट्या चोरीला गेल्याच नव्हत्या. छप्पर गळत होतं म्हणून आदल्या दिवशी त्यानेच त्या बांधणीच्या शेडमध्ये हलवल्या होत्या, आणि तिथल्या ढिगात त्या कुणाला वेगळ्या ओळखू आल्या नाहीत. ओरडा झाल्यावर बोलायची हिंमत झाली नाही. चार पोरं होती त्याला. मास्तरांनी शब्द दिला, कुणाला सांगणार नाही. आणि शब्द पाळला. गोदामवाला जाऊनही आता नऊ वर्षं झाली.

"मी वचन दिलं होतं," मास्तर म्हणाले.

"त्याचं नाव न सांगण्याचं. ते पाळलंत, बरं केलंत. पण या बिचाऱ्याच्या नावापुढचा शब्द तर तुमचा होता ना? तो खोडायला कुणाची परवानगी लागत होती?"

"नियम होता माझा."

"अहो, नियम की ऐट?"

मास्तरांनी ताटात हात धुतला. अजून भात वाढायचा होता.

दुसऱ्या दिवशी ते भोंग्याच्या अर्धा तास आधी कचेरीत जाऊन बसले आणि लिहायला घेतलं. पहिला कागद चार ओळींचाच झाला. 'सदर शब्द त्या वेळी टेबलावर असलेल्या वस्तूवरून लिहिला. त्यामागे संशय नव्हता.' वाचून पाहिलं. यात एक अक्षर खोटं नव्हतं. पोरीचं काम एवढ्याने भागलं असतं. साहेबांनाही फार झोंबलं नसतं. मास्तरांनी घडी घालून तो पाकिटात टाकला आणि पाकिटाला डिंक लावणार, तोच दारात कुलूप उभा राहिला.

त्या सकाळनंतर एवढ्या वर्षांत तो कचेरीच्या उंबऱ्याच्या आत आला नव्हता. हातांना कॉस्टिक सोड्याचे जुने पांढरे डाग, भुवया उकळीच्या वाफेने विरळ झालेल्या. अंगाला ओल्या साबणाचा वास.

"पोरगी आली होती म्हणे. मी पाठवलं नव्हतं, मास्तर."

"असू दे. बस."

"बसत नाही, कामाचे कपडे आहेत, चिकट." तो जरा घुटमळला. "एक सांगायचं होतं. माझा तुमच्यावर राग नाही. चार दिवसांचा नवा माणूस, तुटकं कुलूप त्याच्याच हातात. तुमच्या जागी मी असतो तर मलाही संशय आला असता. संशय काय, कुणालाही येतो. तुम्हाला वाटलं ते तुम्ही लिहिलंत. पण पोरगी तेव्हा जन्मलीही नव्हती. तिच्यापुरतं काही करता आलं तर बघा."

एवढं बोलून तो गेला. भोंगा व्हायला सात मिनिटं होती.

मास्तर पाकीट हातात धरून तसेच बसले. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. हा माणूस त्यांना माफी देऊन गेला होता, आणि ती ज्या चुकीबद्दल होती ती त्यांनी केलीच नव्हती. केलेली चूक वेगळी होती आणि तिच्याबद्दल त्याला काडीचीही कल्पना नव्हती. त्यांनी पाकिटातून कागद काढला, फाडला, आणि दुसरा घेतला. या वेळी तो दोन पानांचा झाला. गोदामवाल्याचं नाव त्यात नव्हतं. 'कुलूप कोणी व का तोडले हे मला त्याच आठवड्यात खात्रीने कळले होते. या कामगाराचा त्याच्याशी काहीही संबंध नाही. हे माहीत असूनही मी तो शब्द बावीस वर्षे तसाच ठेवला.' खाली सही केली. सही नेहमीपेक्षा लहान आली.

दुपारी मुलगी आली. खिडकीशी उभ्यानेच वाचायला लागली. दुसऱ्या पानावर तिचं बोट थांबलं, परत मागे गेलं, तीच ओळ पुन्हा वाचली.

"हे बाबांना माहीत आहे?"

"नाही."

"मग?"

"मग काय?"

"मी घरी नेऊन वाचून दाखवू, का तुम्ही सांगताय?" तिचा आवाज चढला नव्हता. औषधांच्या कोठारावर ही मुलगी चोख काम करणार, असं मास्तरांना उगाचच वाटून गेलं.

"मी सांगतो."

कढईची शेड कचेरीपासून दोनशे पावलांवर. मास्तर तिकडे फिरकून कितीतरी वर्षं झाली होती. आत वाफ, आणि नाक-डोळे झोंबवणारा वास. विहिरीएवढी कढई, तिच्याभोवती लोखंडी कठडा, आणि कठड्यावर उभा राहून कुलूप लांब वल्ह्याने रस ढवळत होता. मास्तरांना पाहून त्याने मान हलवली. हात थांबवता येण्यासारखे नव्हते.

मास्तरांना ओरडून सांगावं लागलं. जी गोष्ट आयुष्यभर कुजबुजूनही सांगितली नाही, ती कढईच्या आवाजावर ओरडून. किल्ली, हातोडी, शेडमध्ये हलवलेल्या पेट्या, सगळं. नाव तेवढं गाळलं.

कुलूप ढवळत राहिला. मग म्हणाला, "कधी कळलं म्हणालात?"

"त्याच आठवड्यात."

"म्हणजे मी लागलो त्या महिन्यातच."

"हो."

वल्हं एक पूर्ण फेरा फिरलं.

"मला वाटायचं, तुम्हाला खरंच संशय आहे," तो म्हणाला. "म्हणून मी रोज सुटताना फाटकावर पिशवी उलटी करून दाखवतो. बाकी कुणी दाखवत नाही. पहारेकरी म्हणतो, अरे बाबा, तुला कोण विचारतंय. मी तरी दाखवतो. फाटक तुमच्या खिडकीतून दिसतं ना. म्हटलं, बघता बघता एक दिवस मास्तरांची खात्री पटेल."

मास्तरांना ते दिसायचं. बावीस वर्षं, रोज संध्याकाळी. रिकामा डबा, फडकं, कधी पोरीसाठी घेतलेली वही. ते बघायचे आणि बुक मिटायचे.

"मी चुकलो," मास्तर म्हणाले. इतक्या आवाजात ते त्याला ऐकू गेलं की नाही, कोण जाणे.

"बाजूला व्हा," कुलूप म्हणाला. "उकळी वर येतेय. अंगावर उडेल." आणि त्याने उकळी बसवायला मिठाच्या पाण्याची बादली उचलली.

पुढचं थोडक्यात सांगता येतं. मुलीला नेमणूक मिळाली. दवाखान्याच्या साहेबांनी दोन्ही पानं वाचली आणि फक्त एवढंच विचारलं, "हे हजेरीमास्तर अजून नोकरीत आहेत?" मुदतवाढीच्या कागदावर सही झाली नाही. मॅनेजरसाहेबांनी कारण दिलं नाही आणि मास्तरांनी मागितलं नाही. शिंप्याच्या दुकानात खरी हकीकत पोचायला आठवडा लागला, आणि तिथे ती अशी झाली की मास्तर आणि कुलूप दोघांनी मिळून चोरी केली होती, म्हणून म्हातारा इतकी वर्षं गप्प. आडनाव बदलून घेशील का, असं कुणीसं मुलीला विचारलं. ती म्हणाली, "आता कुठे त्याचा अर्थ कळलाय. बदलायला परत दहा कागद कोण करणार?" ती हे चिडून म्हणाली की हसून, याबद्दल वसाहतीत दोन मतं आहेत.

पण कढईपाशी बोलणं झालं त्या दिवशीची संध्याकाळ सांगायला हवी. सुटीचा भोंगा झाला. माणसं फाटकाकडे चालू लागली. मास्तर खिडकीत उभे होते. कुलूप सगळ्यांच्या मागून आला, पिशवी खांद्याला, आणि फाटकापाशी न थांबता सरळ पुढे गेला. पहारेकऱ्याला एवढ्या वर्षांची सवय. त्याला वाटलं, विसरला. त्याने हाक मारली, "ए कुलूप! पिशवी राहिली ना दाखवायची!"

तो वळला नाही.

पहारेकऱ्याने आणखी एकदा हाक मारली, मोठ्याने. मग गोंधळून त्याने वर कचेरीच्या खिडकीकडे पाहिलं. मास्तरांनी हात हलवून त्याला जाऊ द्यायला सांगितलं. तोवर तो रस्त्यावरच्या गर्दीत मिसळलाही होता, आणि पाठीवरून त्या सगळ्यांतला तो कोणता, हे मास्तरांनाही ओळखता येत नव्हतं.